बिनखुणेची एम्पनादा

“घाबरव त्याला,” बाल्बिना म्हणाली.

मी उकळत्या तांब्याच्या हंड्यापुढे उभा होतो. हातात लोखंडी आकडी आणि आकडीला लोंबणारा चार-पाच किलोचा ऑक्टोपस. आमच्या गावी, सर्जेकोटात, हा जाळ्यात आला तर शिवी हासडून परत पाण्यात फेकतात. मी त्याला सरळ हंड्यात सोडायला गेलो, तर बाईनं माझ्या मनगटावर डावाचा फटका दिला.

“एकदम सोडलास तर सालटं निघतं. बुडव, वर काढ. असं तीनदा. तिसऱ्यांदा त्याला कळतं की आता सुटका नाही. मग पाय आखडून घेतो आणि निमूट शिजतो.”

मी तीनदा बुडवला. तिसऱ्यांदा खरोखरच त्याचे आठी पाय आत वळले, फुलाची कळी मिटावी तसे. बाल्बिना म्हणाली, जहाजवाल्याचे हात बरे आहेत, अक्कल येईल हळूहळू. दुकानात बसलेल्या चार म्हाताऱ्या हसल्या. माझं नि तिचं गोत्र जमलं ते त्या दिवशी.

ही १९८८ सालची गोष्ट. मी जहाजावर भंडारी होतो, म्हणजे स्वयंपाकी. आमच्या मालवाहू जहाजाचं इंजिन स्पेनच्या किनाऱ्याजवळ बंद पडलं आणि आम्हाला ओढत आणून एका लहानशा बंदरात बांधून ठेवलं. सुटे भाग कुठूनतरी जपानकडून यायचे होते. बाकीची पोरं विमानानं घरी गेली, जहाज राखायला आम्ही पाच जण उरलो. पाच माणसांचं जेवण म्हणजे मला काय, सकाळी नऊला माझा दिवस मोकळा. मे महिन्यात आलो, सप्टेंबर संपेपर्यंत तिथेच होतो.

गावाचं खरं नाव सांगत नाही, अजून माणसं आहेत तिथे. आपण अर्नोसा म्हणू. गॅलिशिया म्हणतात त्या मुलखाला, पोर्तुगालच्या डोक्यावर बसलेला. हिरवागार, ओला, खाड्याच खाड्या. पहिल्या दिवशी मला वाटलं होतं, आपल्याला देवगडलाच आणून सोडलं, फक्त माड काढून घेतले. भाषेचं म्हणाल तर गोव्याच्या पोर्तुगीज बोलणाऱ्या खलाशांत वाढलेला माणूस मी. मेजाला ते मेसा म्हणतात, चावीला चावे, साबणाला शाबोन. बाकीचं हातवारे करून भागायचं. मला घरी भिकू म्हणतात, तेच नाव मी सांगितलं. त्यांच्या भाषेत बिको म्हणजे मुका, गालावर घेतात तो. मग काय, सगळ्या गावच्या म्हाताऱ्या पाच महिने मला हाक मारताना हसत होत्या.

बाल्बिनाची धक्क्यावर खाणावळ होती. साठीची बाई, ठेंगणी, काळा झगा, काळं फडकं. वयस्क बाईला तिथे तिया म्हणतात, आत्याच आपली. मीही तिया म्हणायचो. गावाची कुळकथा मला तिच्याकडूनच कळली. एके काळी बाहेरचे व्यापारी येऊन इथे तारल्यासारखी मासळी मिठात घालायचे, त्या वखारींच्या नुसत्या भिंती उभ्या होत्या. मग डबाबंद मासळीचा कारखाना आला, त्यात सगळ्या गावच्या बायका उभ्या राहून राहून पाय सुजवून घ्यायच्या. तोही बंद पडला. आता पुरुष गेले स्वित्झर्लंडला, जर्मनीला, त्याआधीचे व्हेनेझुएलाला. पैसे करून परत आलेल्यांची घरं लांबून ओळखू यायची, दारात एक परदेशी ताडाचं झाड लावलेलं असायचं. राहिल्या बायका. ओहोटीला कमरेएवढ्या पाण्यात उभ्या राहून लांब दांड्याच्या दाताळ्यानं शिंपल्या ओढायच्या. आमच्याकडे बायका खाडीत मुळे नि तिसऱ्या काढतात, अगदी तशाच, वाकलेल्या.

त्या बायकांतच साबेला होती. बाल्बिनाची सून. एकतीस वर्षांची, उंच, कमी बोलणारी. सकाळी खाडीत, दुपारी खाणावळीत. तिचा नवरा शुर्शो सात वर्षांपूर्वी मासेमारीच्या बोटीवर आयर्लंडच्या वरच्या अंगाला गेला, ती बोट परत आली नाही. अकरा माणसं होती. एकाचा बूटसुद्धा सापडला नाही. बाकीच्या दहा घरांनी केव्हाच मनाची समजूत घातली, चर्चच्या भिंतीवर दहा नावं कोरली. अकरावं नाव बाल्बिनानं कोरू दिलं नाही.

आणि रामिरो होता. बंद कारखान्यातला यंत्रं दुरुस्त करणारा. आमच्या जहाजावर कामाला यायचा, माझ्या हातचा डाळ-भात खाऊन नाक पुसायचा आणि पुन्हा मागायचा. त्यानंच मला सांगितलं. त्याचं नि साबेलाचं तीन वर्षं मनातून जुळलेलं होतं. स्वित्झर्लंडमध्ये त्याला नोकरी लागली होती, सप्टेंबरच्या जत्रेनंतर तिसऱ्या दिवशी बस. साबेला बरोबर येणार होती, पण एका अटीवर. कायद्याचं काय, शुर्शोला मेलेला ठरवायला कोर्ट तयारच होतं. पण सात वर्षं ज्या म्हातारीच्या घरात राहिली, जिच्या शेजारी झोपली, तिनं आपल्या तोंडानं मोकळं केल्याशिवाय ती पाऊल उचलणार नव्हती.

“मग म्हातारी काय म्हणते?” मी विचारलं.

“काही म्हणत नाही. जत्रेपर्यंत थांबा म्हणते.”

मला वाटलं, जत्रेला चार लोकांदेखत काहीतरी बोलणार असेल. बोलण्याची तिथे दुसरीही रीत असते हे मला माहीत नव्हतं.

आता एम्पनादा. परातीएवढी मोठी, चपटी, वर झाकण असलेली भरली रोटी समजा. आत कांदा, तेल, लाल तिखट आणि शिंपल्या, पीठ मक्याचं किंवा गव्हाचं. जत्रेच्या दिवशी घरोघरी करतात, पण घरात एवढी भट्टी कोणाकडे? सगळ्या गावच्या एम्पनादा आवेलिनो पाववाल्याच्या भट्टीत जातात. मग कोणाची कुठली हे कळायला वर कणकेची खूण चिकटवतात. प्रत्येक घराची खूण पिढ्यानपिढ्यांची, होडीवर, वल्ह्यावर, सगळीकडे तीच. बाल्बिनाच्या घराची खूण दोन आडव्या रेघा आणि खाली एक गळ. तिच्या मेलेल्या नवऱ्याचं वल्हं खाणावळीच्या दारावर टांगलेलं होतं, त्याच्यावर ती कोरलेली. पाच महिने मी त्या वल्ह्याखालून वाकून आत-बाहेर करत होतो.

घरातलं माणूस समुद्रावर असेल तर त्याच्या नावाची एक लहान एम्पनादा वेगळी होते. भट्टी उघडली की आवेलिनो एकेक बाहेर काढतो, वर धरून तीनदा विचारतो, “कोणाची?” घरचे उत्तर देतात आणि घेऊन जातात. समुद्रावरच्या माणसाची असेल तर त्याच्या आईनं किंवा बायकोनं त्याचं नाव घ्यायचं. बाल्बिना सात वर्षं शुर्शोचं नाव घेत होती. हे सगळं तिनंच मला सांगितलं, कणीक मळता मळता. तिनं काय सांगितलं नाही ते मी नंतर सांगतो.

तिच्या एम्पनादांपर्यंत मी पोचलो कसा, तर मुरड घालून. एकदा तिच्या हाताला चमक भरली होती, मी कड दुमडून दिली, आपण करंजीला घालतो तशी बारीक मुरड. बाई बघतच राहिली. चाळीस वर्षांत गावात कोणाची अशी कड झाली नाही म्हणाली. त्या दिवसापासून कड माझ्याकडे.

जत्रेच्या सकाळी मी गेलो तेव्हा बाल्बिनानं सगळं उरकून ठेवलं होतं. दोन मोठ्या आणि एक लहान, तिन्ही झाकलेल्या. डोळे सुजलेले होते. मी विचारलं नाही. म्हणाली, मी प्रार्थनेला चालले, तू कड घाल आणि भट्टीवर नेऊन दे. साबेला आधीच चर्चमध्ये गेली होती.

मी कापड काढलं. मोठ्या दोघींवर खूण होती. लहानीवर नव्हती.

मी दारात जाऊन पाहिलं, बाल्बिना चढ चढून वळणापलीकडे गेली होती. आवेलिनोच्या भट्टीतून धूर निघत होता, उशीर केला तर जागा गेली. मला वाटलं, रडता रडता विसरली. आता मला माझ्या आईची गोष्ट सांगायलाच हवी, नाहीतर मी काय केलं ते तुम्हाला कळणार नाही. माझा थोरला भाऊ गलबतावर गेला तो परत आला नाही. मी नऊ वर्षांचा होतो. आई दर नारळी पौर्णिमेला त्याचं पान वाढून ठेवायची. “तो इलो तर काय जेवतलो?” एवढंच म्हणायची. एका वर्षी माझी वहिनी, दुसऱ्या भावाची बायको, गडबडीत ते पान वाढायला विसरली. आई तीन दिवस जेवली नाही. भांडली नाही, बोलली नाही, नुसती जेवली नाही. मी ते पाहिलेलं होतं.

म्हणून मी उरलेल्या कणकेचा गोळा घेतला. दारावरच्या वल्ह्याकडे बघून दोन रेघा केल्या, एक गळ वळला, पाण्याचा हात लावून लहान एम्पनादेवर चिकटवला. वर अंड्याचा बलक फासला. सुरेख दिसत होती. फळीवर तिन्ही घेऊन शीळ घालत भट्टीवर गेलो.

भट्टीपुढे दुपारी सगळा गाव जमतो. बँडवाले, स्वित्झर्लंडहून सुट्टीला आलेली माणसं, बायका हातात फडकी घेऊन. रामिरो भिंतीला टेकून उभा होता, इस्त्रीचा सदरा घालून. साबेला मागे, बायकांच्या घोळक्यात. बाल्बिना अगदी पुढे. मी तिच्या डाव्या हाताला, दोन हातांवर.

आवेलिनो एकेक काढत होता, विचारत होता, लोक ओरडून उत्तरं देत होते, हशा चालला होता. बाल्बिनाच्या दोन मोठ्या निघाल्या, तिनं घेतल्या. मग त्यानं लांब दांड्याची फळी आत घालून लहान एम्पनादा काढली. काढली आणि हातातच धरून राहिला. तो बाल्बिनाकडे बघायला लागला. हळूहळू सगळे गप्प झाले. बँडवाल्यानंही वाजवायचं थांबवलं. ती शांतता मला कळेना, पण एवढं कळलं की जे आपलं नव्हे त्याला आपण हात लावला.

“कोणाची?” आवेलिनोनं विचारलं. नेहमीच्या आवाजात नाही.

बाल्बिनानं त्या खुणेकडे बघितलं. मग मान वळवून माझ्याकडे बघितलं. तिच्या डोळ्यांत राग नव्हता. ती नुसती वाट बघत होती.

“कोणाची?”

पुन्हा तिनं माझ्याकडे बघितलं. माझ्या जिभेवर आलं होतं, तिया, खूण मी केली, तुम्ही विसरला होतात. एवढं एक वाक्य. पण दोनशे माणसं गप्प उभी, मी परका, सावळा, दुसऱ्याच्या देवाधर्माच्या गोष्टीत बोट घातलेला. खरं सांगतो, मी घाबरलो. पुढे मी स्वतःला पुष्कळ सांगितलं की मला तिची दया आली म्हणून मी बोललो नाही. ते नंतरचं. आधी भीती.

“कोणाची?”

तिनं तिसऱ्यांदा माझ्याकडे बघितलं. मी खाली मान घातली.

“माझ्या शुर्शोची,” बाल्बिना म्हणाली.

ती पुढे झाली, पदरात घ्यावी तशी फडक्यात ती एम्पनादा घेतली, आणि तिथल्या तिथे, गरम, वाफा येत असताना, ती खूण नखानं उपटली आणि तोंडात टाकली. जीभ भाजली असणार. डोळ्यांतून पाणी आलं. म्हाताऱ्या बायका रडायला लागल्या, कोणी छातीवर क्रूस काढला, कोणी बाल्बिनाला मिठी मारली. बँड पुन्हा सुरू झाला. मी रामिरोकडे बघितलं तर भिंत मोकळी होती.

संध्याकाळपूर्वी साबेला धक्क्यावर माझ्याकडे आली. मी दोरांच्या गुंडाळीवर बसलो होतो. ती बसली नाही.

“सकाळी ती बिनखुणेची होती,” ती म्हणाली. “ती करताना मी शेजारी उभी होते.”

मग तिनं मला ते सांगितलं जे बाल्बिनानं सांगितलं नव्हतं. आणि का सांगेल, असल्या गोष्टी कोणी पाहुण्याला हौसेनं सांगतं का? ज्या वर्षी घरचे लोक समुद्रावर गेलेल्याची आशा सोडतात, त्या वर्षीची एम्पनादा बिनखुणेची असते. आवेलिनो तीनदा विचारतो, कोणी उत्तर देत नाही. मग ती धक्क्यावरून समुद्रात सोडतात. तोंडानं काही बोलावं लागत नाही, गावाला कळतं. दुसऱ्या दिवसापासून बायको मोकळी. बाकीच्या दहा घरांनी असंच केलं होतं.

“सकाळी चर्चमध्येच सगळ्यांना कळलं होतं, यंदा तिची बिनखुणेची आहे. आता सगळे म्हणतात चमत्कार झाला. तो जिवंत आहे. मी चमत्कार मानत नाही, बिको. भट्टीवर तू घेऊन गेलास. खूण तू केलीस का?”

खाणावळीतून बाल्बिनाचा आवाज येत होता. गात होती बाई. पाच महिन्यांत मी तिला गाताना ऐकलं नव्हतं. येणाऱ्या-जाणाऱ्याला पांढऱ्या वाडग्यांतून वाइन पाजत होती. मला माझी आई दिसली, त्या तीन दिवसांतली.

“नाही,” मी म्हटलं.

साबेलानं माझ्या हातांकडे बघितलं. मग गेली.

तिसऱ्या दिवशी सकाळी रामिरो बसनं गेला. मी निरोप द्यायला गेलो होतो. बस खाडीच्या कडेनं जाते, ओहोटी होती, बायका रांगेनं पाण्यात उभ्या राहून दाताळी ओढत होत्या. सगळ्यांनी मान वर करून बसकडे बघितलं. एका बाईनं बघितलं नाही. रामिरो खिडकीला कपाळ लावून बसला होता.

महिनाअखेर आमचं इंजिन सुरू झालं. निघायच्या दिवशी साबेला शिडीपाशी आली. हातात कापडात बांधलेलं चीज होतं, सासूनं पाठवलेलं. तिनं मला पुन्हा तेच विचारलं, त्याच शब्दांत. आता तर रामिरो गेलेलाच होता. मी मनात म्हटलं, आता खरं सांगून कोणाचं काय भलं होणार? आणि पुन्हा नाही म्हटलं. ते चीज मी खाल्लं नाही, दुसऱ्यांना वाटून टाकलं.

त्यानंतर मी कितीतरी बंदरं बघितली. पोरं मोठी झाली, आई गेली. आई गेली तेव्हा भावाचं पान वाढायचं की नाही यावर घरात बोलणं झालं, मी उठून अंगणात गेलो. घरात कोणाला काही कळलं नाही. बायकोला मी ही गोष्ट पंधरा वर्षांनी सांगितली. ती म्हणाली, त्या मुलीला तरी सांगायचं होतंत. मी तिच्यावर खेकसलो. खेकसायचं दुसऱ्या कोणावर तरी होतं.

२००७ साली माझी शेवटची फेरी होती. जहाज तिथल्याच व्हीगो बंदराला लागलं, दोन दिवस थांबणार होतं. मी बस पकडली. अर्नोसात रस्ता नवा, दिवे नवे, खाडीत शिंपल्या वाढवायचे तराफेच तराफे. धक्क्यावर खाणावळ होती. दारावर तेच वल्हं. वाकायची सवय अंगात होती, वाकून आत गेलो.

साबेला हंड्यापुढे उभी होती, आकडी हातात. केस पांढरे झालेले. तिनं मला लगेच ओळखलं. ऑक्टोपस तीनदा बुडवला, सोडला, हात पुसले, मग म्हणाली, “बस, बिको.” हसली नाही.

तिनं लाकडी ताटलीत ऑक्टोपस कापून दिला, वर तेल, जाडं मीठ, लाल तिखट, खाली बटाटे. मी विचारत गेलो, ती सांगत गेली. बाल्बिना ९९ साली गेली. शेवटची दोन वर्षं अंथरुणावर, सगळं साबेलानंच केलं. रामिरो स्वित्झर्लंडमध्येच, बायको तिथलीच, तीन मुलं. दर ऑगस्टमध्ये येतो, मुलांना घेऊन इथे जेवतो. मुलं चांगली आहेत म्हणाली, धाकटीला ऑक्टोपस फार आवडतो. बाल्बिना गेली त्या वर्षी जत्रेला तिनं स्वतः बिनखुणेची एम्पनादा केली. आवेलिनोच्या मुलानं तीनदा विचारलं. कोणी बोललं नाही. तिनं ती धक्क्यावरून सोडली.

“एक दाखवायचंय तुला,” ती म्हणाली.

ती स्टूल घेऊन बाहेर गेली, दारावरचं वल्हं उतरवून मेजावर ठेवलं. मग आतून एक लाकडी ताटली आणली, जुनी, वापरून काळी झालेली. तिच्या पाठीवर खूण कोरलेली होती. दोन रेघा, खाली गळ.

“हे वल्हं सासऱ्यांचं. ही ताटली शुर्शोची. नीट बघ.”

मी बघितलं. वल्ह्यावरच्या गळाचं तोंड उजवीकडे होतं. ताटलीवरच्या गळाचं डावीकडे.

“तो डावखुरा होता. लहानपणी त्यानं खूण उलटी कोरली, तीच मग त्याची झाली. सासू सात वर्षं त्याच्या एम्पनादेवर डाव्या तोंडाचा गळ करत होती. बाहेरच्या कोणाला हा फरक माहीत नव्हता. मला होता. मी मागे उभी होते, मला लांबून दिसला नाही. आणि जवळ पोचेपर्यंत तिनं तो तोंडात टाकला होता.”

मी काटा खाली ठेवला.

“तिनं बघितल्या क्षणी ओळखलं,” साबेला म्हणाली. “मरायच्या आदल्या दिवशी मला सांगितलं. म्हणाली, वल्ह्यावरून केलेली होती, बिकोच्या हातची. चमत्कार वगैरे काही नव्हता हे तिला पहिल्यापासून माहीत होतं. पण मला फार भीती वाटत होती गं, असं म्हणाली. तू गेलीस की घरात मी एकटी. म्हणाली, मी त्याच्याकडे तीनदा बघितलं. तो बोलला असता तर मी तुला सोडलं असतं. रात्रभर बसून मी ती बिनखुणेची केली होती, माझी तयारी झाली होती. पण तो बोलला नाही. आणि मग माझ्यानं राहवलं नाही.”

बाहेर कोणीतरी बोटीचं इंजिन सुरू करत होतं. होत नव्हतं.

मला म्हातारीचा राग यायला हवा होता, आला नाही. ती गात होती ते आठवलं. मुलगा मेला हे पक्कं माहीत असून ती दुपारभर गात होती, आणि मी ते ऐकून साबेलाला नाही म्हटलं होतं.

“तिचं जाऊ दे,” साबेला म्हणाली. “ती आई होती, आणि म्हातारी होती. मी तिला माफ केलं, ती असतानाच. पण मी तुला दोनदा विचारलं होतं, बिको. पहिल्यांदा विचारलं तेव्हा रामिरो अजून गावात होता. तीन दिवस होते आमच्याकडे. तू हो म्हणाला असतास तर मी सासूला काही कळूही न देता गेले असते.”

ती माझ्यासमोर खुर्ची ओढून बसली. वल्हं आमच्या दोघांच्या मध्ये होतं.

“आता तिसऱ्यांदा विचारते. खूण तू केलीस का?”

“मीच केली,” मी म्हटलं.

तिनं मान हलवली, वल्हं उचललं, स्टुलावर चढून होतं तिथे अडकवलं. खाली उतरून झगा झटकला.

“गार होतंय,” ती म्हणाली. “खाऊन घे. बस सहाची आहे.”